जेम्स फोर्ब्स : कंपनीच्या कारकुनाची चित्रवही

जीवशास्त्राचे पुस्तक उघडले की प्रत्येक पानावर चित्रे दिसतात. बेडकाचे हृदय, जास्वंदीचे उभे छेदन, नागाचा फणा. ही चित्रे आपण परीक्षेसाठी काढतो, नावे देतो आणि विसरून जातो. परंतु छायाचित्रणाची कला जगासमोर आली ती १८३९ साली. त्यापूर्वी दूर देशी कोणते प्राणी आहेत, कोणती झाडे आहेत, हे न गेलेल्या माणसाला कळावे कसे? वाळवलेली पाने रंग सोडतात. मेलेल्या पक्ष्यात पेंढा भरला तरी त्याची चाल, नजर, मानेचा बाक नाहीसा होतो. अशा वेळी एकच साधन उरते : कागद, रंग आणि पाहणाऱ्याचा डोळा.

या साधनावर किती भिस्त होती आणि ते किती जपून वापरावे लागते, हे समजण्यासाठी आपण आपल्याच मुलखात वावरलेल्या एका इंग्रज चित्रकाराची ओळख करून घेऊ या. त्याचे नाव जेम्स फोर्ब्स. तो चित्रकार म्हणून इकडे आला नव्हता. तो आला होता ईस्ट इंडिया कंपनीचा कारकून म्हणून.

न पाहिलेला गेंडा

फोर्ब्सकडे वळण्याआधी एका जुन्या गेंड्याची गोष्ट सांगितली पाहिजे, म्हणजे प्रश्न नीट ध्यानात येईल.

गुजरातचा सुलतान दुसरा मुजफ्फरशाह याने पोर्तुगीजांना एक जिवंत गेंडा भेट दिला. तो गोव्याहून जहाजाने निघाला आणि मे १५१५ मध्ये लिस्बनला पोचला. युरोपातील लोकांनी कित्येक शतकांत असा प्राणी पाहिला नव्हता. त्याचे वर्णन करणारे एक पत्र आणि एक कच्चे रेखाटन जर्मनीत न्यूरेंबर्ग येथे आल्ब्रेख्ट ड्यूरर या श्रेष्ठ चित्रकाराच्या हाती पडले. ड्यूररने गेंडा पाहिला नव्हता. तरीही त्याने तेवढ्या आधारावर चित्र केले व ते लाकडी ठशावरून छापून घेतले.

चित्र अतिशय देखणे आहे, पण त्यातील गेंड्याच्या अंगावर चिलखताचे पत्रे बसवल्यासारखे दिसतात, पायांवर खवले आहेत आणि खांद्याजवळ एक जादा छोटे शिंग आहे. असे शिंग कोणत्याही गेंड्याला नसते. गंमत अशी की, हे चुकीचे चित्र पुढे दोनशेहून अधिक वर्षे पुस्तकापुस्तकांतून उतरवले गेले. एकाने दुसऱ्याचे पाहून काढले, दुसऱ्याचे तिसऱ्याने. खऱ्या गेंड्याकडे जाण्याची सोय कुणाला नव्हती आणि चित्र इतके झोकदार होते की शंकाही आली नाही.

चित्राची ताकद आणि चित्राचा धोका या एका उदाहरणात दिसतो. चांगल्या हाताने काढलेली चूक ही वाईट हाताने काढलेल्या चुकीपेक्षा जास्त काळ टिकते. म्हणून निसर्गचित्रकाराचा पहिला नियम ठरला : जे पाहिले तेच काढावे, आणि जिथे पाहिले ते लिहून ठेवावे.

सोळाव्या वर्षी मुंबईस

जेम्स फोर्ब्सचा जन्म लंडनमध्ये १७४९ साली झाला. १७६५ मध्ये, म्हणजे तुमच्यापैकी दहावी-अकरावीत असलेल्या मुलांच्या वयात, त्याने कंपनीची नोकरी पत्करून इंग्लंड सोडले. सुएझचा कालवा तेव्हा नव्हता. तो १८६९ मध्ये खुला झाला. जहाजे आफ्रिकेला वळसा घालून येत. आफ्रिका आणि दक्षिण अमेरिका यांचे किनारे पाहत, सुमारे अकरा महिन्यांच्या प्रवासानंतर तो १७६६ मध्ये मुंबईत उतरला.

त्याचे पद होते 'रायटर', म्हणजे सर्वांत खालच्या पायरीचा कारकून. पगार तुटपुंजा, काम पत्रांच्या नकला करण्याचे व हिशेब लिहिण्याचे. फावल्या वेळात त्याचे अनेक सोबती पत्ते आणि मद्य यांत रमत. फोर्ब्सने घरच्या माणसांना पत्रे लिहायला आणि त्या पत्रांसोबत चित्रे काढायला सुरुवात केली. पाहिलेले फूल, फळ, पक्षी, किडा, साप, देऊळ, किल्ला, माणसांचा पोशाख, जे दिसेल ते तो टिपत गेला.

नोकरीच्या निमित्ताने त्याची भ्रमंती मोठी झाली. १७७१ च्या सुमारास तो आपल्या रत्नागिरी जिल्ह्यातील बाणकोटला आला होता. तेथील किल्ला तेव्हा इंग्रजांकडे होता आणि त्यांनी त्याला फोर्ट व्हिक्टोरिया असे नाव दिले होते. तेथून सावित्रीच्या खाडीने वर जाऊन त्याने दासगाव आणि महाडजवळचे गरम पाण्याचे झरे पाहिले. १७७२ मध्ये त्याची नेमणूक केरळच्या किनाऱ्यावरील अंजेंगो येथे झाली.

इतिहासाच्या पुस्तकात तुम्ही राघोबादादांविषयी वाचले असेल. १७७५ साली सुरतेच्या तहानंतर त्यांच्या मदतीला इंग्रजांनी कर्नल कीटिंगच्या हाताखाली फौज पाठविली. या कीटिंगचा चिटणीस म्हणून जो तरुण गेला तो हाच फोर्ब्स. मे १७७५ मध्ये गुजरातेत अडास येथे झालेली लढाई त्याने जवळून पाहिली. त्यानंतर प्रकृती बिघडल्यामुळे तो मायदेशी गेला, १७७७ मध्ये परत आला, भडोच येथे काम केले व १७८० मध्ये डभोईचा कलेक्टर झाला. सालबाईच्या तहानंतर भडोचचा प्रदेश महादजी शिंद्यांकडे गेला आणि १७८४ मध्ये फोर्ब्स कायमचा इंग्लंडला परतला.

रोज आठ पाने

या सर्व काळात त्याने लिहिलेला व चित्रित केलेला मजकूर १५० मोठ्या खंडांत भरला होता, आणि त्याची पाने ५२,००० होती असे सांगतात. आकडा ऐकून छाती दडपते. पण आपण तो फोडून पाहू. भारतातील त्याचे वास्तव्य सुमारे १७ वर्षांचे. १७ वर्षांचे दिवस होतात सुमारे ६,२००. ५२,००० ला ६,२०० ने भागले की येतात साधारण ८ पाने. म्हणजे दररोज आठ पाने, आजारपण, लढाई, प्रवास यांचा एकही दिवस न वगळता.

यात अलौकिक असे काही नाही. आहे ती नेमाने बसण्याची सवय. विज्ञानात पुष्कळसे काम असेच होते. आकाशाकडे पाहून दररोज तापमान लिहिणारा, नदीच्या पुराची खूण दरवर्षी करणारा माणूस लगेच काही शोध लावत नाही. पण पुढच्या पिढीला शोध लावायचा असतो तेव्हा त्याचीच वही लागते.

इंग्लंडला गेल्यावर फोर्ब्सने आपली पत्रे व चित्रे निवडून, स्वच्छ लिहून १३ खंडांत लावली. पुढे त्यातूनच 'ओरिएंटल मेमॉयर्स' हा चार भागांचा ग्रंथ १८१३ पासून प्रसिद्ध झाला. त्यात नव्वदच्या वर चित्रे होती आणि त्यांपैकी निसर्गाची अनेक चित्रे हाताने रंगविलेली होती. हस्तलिखिताचे १३ खंड आज अमेरिकेतील येल विद्यापीठाच्या ब्रिटिश कला केंद्रात आहेत.

टेबलावरचा नाग

फोर्ब्सने सांगितलेली एक हकीकत मात्र मन अस्वस्थ करते.

त्याला जिवंत नागाचे चित्र काढायचे होते. एका गारुड्याला त्याने बोलावले. गारुड्याने नाग टेबलावर ठेवला, पुंगी वाजविली आणि नाग फणा काढून डोलू लागला. तासभर हा प्रकार चालला होता आणि फोर्ब्स रंगवीत होता. फण्यावरील चष्म्यासारखी खूण, अंगावरील ठिपक्यांची रचना नीट कळावी म्हणून त्याने नागाला अनेकदा हातही लावला. गारुडी नागाचे विषाचे दात काढून टाकतात, असे त्याने गृहीत धरले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्याचा नोकर धावत आला. बाजारात तोच गारुडी तोच खेळ करीत होता. लोक भोवती बसले होते. एकाएकी त्याच नागाने एका तरुण स्त्रीच्या गळ्यावर झेप घेऊन दंश केला आणि अर्ध्या तासात ती मरण पावली.

फोर्ब्सने हे सारे आपल्या ग्रंथात लिहून ठेवले आहे. चित्राच्या दृष्टीने पाहिले तर त्याने काही चुकीचे काढले नव्हते. फणा बरोबर होता, चष्मा बरोबर होता. पण 'नागाला दात नाहीत' ही गोष्ट त्याने पाहिली नव्हती, मानली होती. पाहिलेले आणि मानलेले यांतील अंतर किती असते? त्या दिवशी ते एका जिवाएवढे होते. फोर्ब्स वाचला आणि ती अनोळखी स्त्री गेली, यात त्याच्या हुशारीचा भाग काहीच नव्हता.

प्रयोगवहीत आपण 'निरीक्षण' आणि 'अनुमान' असे दोन वेगळे मथळे देतो. काही विद्यार्थ्यांना तो निव्वळ शिरस्ता वाटतो. त्या दोन मथळ्यांमधल्या रेघेचा अर्थ या हकीकतीत आहे.

जाता जाता दोन गोष्टी सांगतो. सापाला बाहेरचा कान नसतो. जमिनीची कंपने आणि हवेतील खालच्या वारंवारतेचे काही आवाज त्याला जाणवतात. पण पुंगीपुढे तो डोलतो तो मुख्यतः पुंगीच्या व गारुड्याच्या हालचालीवर नजर ठेवून. ते नृत्य नव्हे, सावधपणा आहे. दुसरी गोष्ट आपल्या भागातल्या मुलांसाठी : नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे हे चार प्रमुख विषारी साप चित्रांवरून ओळखायला जरूर शिका. जांभ्या दगडाच्या बांधावर फुरसे सहजी दिसत नाही, इतका त्याचा रंग मातीशी मिळतो. परंतु दंश झाल्यावर साप ओळखण्यासाठी त्याच्या मागे लागू नका. या चारही सापांच्या विषावर चालणारे औषध एकच असते. वेळ मात्र मौल्यवान असतो. तडक सरकारी दवाखाना गाठावा.

कबीरवड आणि आकड्यांची परीक्षा

फोर्ब्सच्या चित्रांपैकी फार प्रसिद्ध झालेले एक चित्र नर्मदेतील बेटावरच्या कबीरवडाचे आहे. भडोचजवळचा हा वड संत कबीरांनी दात घासून टाकलेल्या काडीतून उगवला अशी लोककथा आहे. युरोपात वडाला पारंब्या फुटतात, त्या जमिनीत शिरून नवी खोडे होतात आणि एका झाडाचे रान बनते, हे ऐकून लोकांचा विश्वास बसत नसे. फोर्ब्सने चित्र तर काढलेच, पण आकडेही दिले. मुख्य खोडांभोवतीचा घेर सुमारे २,००० फूट, मोठी खोडे ३५० आणि लहान खोडे ३,००० च्या वर. पुराने वडाचा बराच भाग वाहून गेल्यानंतरची ही स्थिती. या सावलीत ७,००० माणसे आरामात विसावू शकतात, असेही त्याने लिहिले.

ही थाप असेल काय? आपण भौतिकशास्त्राची साधी रीत वापरू. २,००० फूट म्हणजे सुमारे ६१० मीटर. घेर वर्तुळाकार धरला तर त्रिज्या होते ६१० भागिले (२ × ३·१४), म्हणजे सुमारे ९७ मीटर. क्षेत्रफळ होते ३·१४ × ९७ × ९७, म्हणजे जवळजवळ २९,५०० चौरस मीटर. याला ७,००० ने भागले की दर माणशी सुमारे ४ चौरस मीटर जागा येते. दोन मीटर लांब व दोन मीटर रुंद सतरंजी डोळ्यांपुढे आणा. खोडांनी अडवलेली जागा वजा केली तरी एक माणूस तीवर ऐसपैस आडवा होईल. म्हणजे ७,००० हा आकडा फुगवलेला नाही.

लक्षात घ्या, वड न पाहताही आपण हे तपासू शकलो, कारण फोर्ब्सने घेराचे माप दिले होते. नुसते 'प्रचंड मोठे झाड' असे लिहिले असते तर तपासायला काहीच उरले नसते. चित्रात आकार दिसतो, आकारमान दिसत नाही. म्हणून चित्राशेजारी माप हवेच.

ठसा आणि आरसा

चित्र काढले म्हणजे काम संपत नसे. ते पुस्तकात यायचे तर तांब्याच्या पत्र्यावर कोरावे लागे. पत्र्याच्या चरांत शाई भरून त्यावर ओला कागद दाबला की रेषा कागदावर उमटत. नंतर एका नमुना-प्रतीवरून कारागीर प्रत्येक प्रत हाताने रंगवीत. म्हणून त्या काळच्या एकाच ग्रंथाच्या दोन प्रतींत पानाचा हिरवा थोडा निराळा आढळतो.

यात एक भौतिकशास्त्रीय अडचण आहे. पत्र्यावरची रेषा कागदावर उलटी उमटते; उजवे ते डावे होते, आरशातल्यासारखे. रबरी शिक्क्यावरची अक्षरे उलटी का असतात, ते आठवा. झाडाचे चित्र उलटे झाले तर फारसे बिघडत नाही. पण शंखाचे? शंखशिंपल्यांची वळणे ठरलेल्या दिशेने जातात. रेम्ब्रां या थोर डच चित्रकाराने १६५० साली एका शंखाचे ठसाचित्र केले. आपली सही त्याने पत्र्यावर उलटी कोरली, त्यामुळे ती छापात सुलटी आली. शंख मात्र त्याने समोर दिसला तसाच कोरला. छापात त्याची वळणे निसर्गात असतात त्याच्या विरुद्ध दिशेने गेली. आपल्याकडे दक्षिणावर्ती शंख दुर्मिळ व म्हणून मौल्यवान मानला जातो. साध्या शंखाचे चित्र उलटे छापले तर ते चित्र पाहणाऱ्याला दक्षिणावर्ती शंख मिळाल्याचा भास होईल! म्हणून निसर्गचित्रांचा कोरक्या आधीच चित्र उलटे करून मग कोरीत असे.

रंगपेटीत न सापडणारा निळा

दुसरी अडचण रंगांची. आंब्याचे पान हिरवे दिसते ते त्यातील हरितद्रव्य लाल व निळा प्रकाश शोषून घेते म्हणून. रंगपेटीतील रंगही असेच काम करतात. तेव्हा पानाचा रंग रंगपेटीतून मिळवता येतो. पण खंड्याच्या पाठीचा निळा, तास म्हणजे नीलकंठ पक्ष्याच्या पंखांचा निळा, मोराच्या पिसाचा मोरपंखी यांचे काय? या पिसांत निळे रंगद्रव्य नसते. पिसाच्या आत अतिसूक्ष्म रचना असते, तिच्यावरून प्रकाशलहरी अशा परततात की ठरावीक लांबीच्या लहरी एकमेकींना बळकटी देतात व बाकीच्या मंदावतात. सर चंद्रशेखर व्यंकट रामन यांनी १९३४ च्या सुमारास नीलकंठाच्या पिसांचा याच दृष्टीने अभ्यास केला होता.

गळून पडलेले खंड्याचे एखादे निळे पीस वाटेत दिसले तर ते डोळा व सूर्यप्रकाशित आकाश यांच्यामध्ये आलेले पाहा. प्रकाश पिसातून आरपार आला की निळा नाहीसा होऊन मळकट तपकिरी दिसतो. मोराच्या पिसाचा रंग तर पाहण्याचा कोन बदलला की बदलतो. कागदावरचा रंग कोणत्याही कोनातून तोच राहतो. मग चित्रकाराने कोणता रंग 'खरा' मानावा? फोर्ब्ससारख्यांना याचे शास्त्र ठाऊक नव्हते. त्यांनी एका जागी बसून, एका प्रकाशात दिसलेला रंग दिला. यापेक्षा अधिक प्रामाणिक मार्ग आजही नाही.

गंगाराम आणि दापोडीचा अनामिक

निसर्गचित्रे फक्त साहेबांनीच काढली, असा समज करून घेऊ नका. पुण्याला १७८६ पासून इंग्रजांचा वकील म्हणून चार्ल्स मॅलेट राहत होता. त्याच्याकडे गंगाराम चिंतामण तांबट हा मराठी चित्रकार काम करीत असे. गंगारामने वेरूळ, कार्ले येथील लेण्यांची चित्रे काढली आणि पेशव्यांच्या शिकारखान्यातील प्राण्यांचीही. त्यांत १७९० सालचे एक चित्र आहे गेंड्याचे. ड्यूररने गेंडा न पाहता काढला होता. गंगारामने तो पुण्यात समोर उभा राहून पाहिला. गंगारामची चित्रेही आज येलच्या त्याच कला केंद्रात, फोर्ब्सच्या खंडांच्या शेजारी, आहेत.

पुढे १८४७ ते १८५० या काळात पुण्याजवळ दापोडी येथील सरकारी वनस्पती उद्यानात डॉ. अलेक्झांडर गिब्सन याने वनस्पतींची सुमारे १७० चित्रे करवून घेतली. ही चित्रे आता स्कॉटलंडमध्ये एडिंबरोच्या वनस्पती उद्यानात आहेत. चित्रकार पोर्तुगीज वळणाच्या भारतीय समाजातला होता, एवढीच त्याची ओळख उरली आहे. गिब्सनचे नाव राहिले, पाकळीपाकळीवर डोळे शिणवणाऱ्याचे गेले. ज्या विद्येचा पहिला नियम 'कुठे, केव्हा, कुणी पाहिले ते लिहा' असा आहे, तिनेच त्या माणसाचे नाव लिहिले नाही.

आणि याहून जुने हात पाहायचे तर आमच्या हातखंब्यापासून फार दूर जावे लागत नाही. उक्षीच्या सड्यावर जांभ्यात कोरलेला हत्ती आहे. राजापूर तालुक्यातील कशेळीला भल्या मोठ्या हत्तीच्या आकृतीत इतर अनेक प्राणी कोरलेले आहेत. रत्नागिरी जिल्ह्यातील अशा कातळशिल्पांत गेंड्यासारखा प्राणीही आढळतो, जो आज या भागात कुठेच नाही. कोरणाऱ्यांनी तो पाहिला होता काय, हा संशोधकांपुढचा प्रश्न आहे. या सड्यांवरून चालताना पायाखाली पाहायला विसरू नका, आणि रेषांवर पाय देऊ नका.

फोर्ब्सकडे कसे पाहावे?

इंग्लंडमध्ये फोर्ब्सला मान मिळाला. १८०३ साली तो रॉयल सोसायटीचा सभासद झाला. त्याच वर्षी तो फ्रान्समध्ये असताना युद्धाला तोंड लागले आणि इतर इंग्रजांबरोबर तोही अडकवला गेला. रॉयल सोसायटीचे अध्यक्ष सर जोसेफ बँक्स आणि फ्रान्सचे कार्नो यांच्या खटपटीने १८०४ मध्ये त्याची सुटका झाली. दोन राष्ट्रे लढत असताना त्यांचे विद्वान एकमेकांना पत्रे लिहीत होते, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. १८१९ साली फोर्ब्सचे निधन झाले.

हा माणूस कंपनीचा नोकर होता. डभोईला तो सारा वसूल करीत होता. १८१० मध्ये त्याने हिंदू लोकांच्या स्वभावाविषयी आणि त्यांना ख्रिस्ती करण्याच्या आवश्यकतेविषयी एक पुस्तिका लिहिली. ती वाचताना आपल्याला राग येईल, आणि तो योग्यही ठरेल. माणसांविषयी लिहिताना त्याने पाहिलेल्यात मानलेले बरेच मिसळले. फूल आणि पक्षी यांच्यापुढे बसला की मात्र त्याचा डोळा स्वच्छ होत असे. एकाच माणसात हे दोन्ही असू शकते. आपण त्याची चित्रे घ्यावीत, मते तपासावीत आणि ती तपासण्यासाठी त्याचाच नियम वापरावा.

कॅमेरा आहे, मग चित्र कशाला?

आज खिशातल्या फोनमध्ये कॅमेरा आहे. तरीही पक्ष्यांच्या मार्गदर्शक पुस्तकांत बहुधा चित्रेच असतात. गोव्याचे कार्ल डिसिल्वा यांनी भारतीय उपखंडातील पक्ष्यांच्या अशा पुस्तकासाठी चित्रे काढली आहेत. कारण छायाचित्र एका क्षणाचे, एका पक्ष्याचे आणि एका उजेडातले असते. भिंगाची एक मर्यादाही आहे : जवळची वस्तू टिपताना तिचा थोडाच भाग ठळक येतो, पुढचा-मागचा भाग अस्पष्ट होतो. चित्रकार मात्र दहा पक्षी पाहून त्यांच्यातील समान खुणा एका चित्रात आणतो आणि चोचीपासून शेपटीपर्यंत सर्व भाग सारखाच ठळक दाखवतो.

याहून मोठे कारण म्हणजे चित्र काढताना पाहावे लागते. काजूचे बोंड आपण शेकडो वेळा खाल्ले असेल. आता न पाहता त्याचे चित्र काढा. बी बोंडाच्या कोणत्या टोकाला असते? तिचा बाक कोणत्या बाजूला असतो? देठ कुठे चिकटतो? पेन्सिल अडली की समजावे, तेवढे आपण पाहिले नव्हते.

करून पाहा

साहित्य : वहीच्या पानाएवढी साधी काच (कडांना चिकटपट्टी लावून घ्या), दोन जाड पुस्तके, कोरा कागद, पेन्सिल, एक दिवा आणि एखादे पान.

काच दोन पुस्तकांच्या आधाराने टेबलावर उभी करा. डाव्या बाजूला पान सपाट ठेवा व त्यावर दिव्याचा उजेड पाडा. उजव्या बाजूला कागद ठेवा. तिकडे उजेड कमी असू द्या. आता डाव्या बाजूने काचेतून पलीकडे पाहा. पानाची आभासी प्रतिमा कागदावर पडल्यासारखी दिसेल. उजव्या हाताने तिच्या कडा गिरवा.

मग पुढील प्रश्नांची उत्तरे शोधा.

१) पान काचेपासून १० सेंटिमीटरवर असेल तर प्रतिमा काचेपासून किती अंतरावर दिसते? मोजून पाहा.

२) चित्राची लांबी भागिले पानाची लांबी किती येते? हेच चित्राचे प्रमाण. ६ मिलिमीटरची मुंगी ९० मिलिमीटर काढली तर प्रमाण १५ पट. आपल्या प्रत्येक चित्राखाली प्रमाण लिहा.

३) पानाऐवजी कागदावर 'क' लिहून ठेवा. गिरवलेले अक्षर कसे आले? रेम्ब्रांचा शंख आठवा. हे चित्र सुलटे करायला काय कराल? (सूचना : खिडकीची काच उपयोगी पडेल.)

४) डोके थोडे इकडेतिकडे हलवा. सपाट पानाची प्रतिमा कागदावरून सरकते काय? पानाऐवजी उभा पेला ठेवला तर काय होते, आणि का?

शिक्षकांना एक सुचवावेसे वाटते. वर्गाची एक सामाईक चित्रवही ठेवावी. पावसाळ्यातील तेरड्यापासून उन्हाळ्यातील रातांब्यापर्यंत दर आठवड्याला एक चित्र. प्रत्येकाखाली चार गोष्टी : कुठे, केव्हा, किती मोठे आणि कुणी काढले. चौथी गोष्ट गाळू नये. दापोडीच्या चित्रकाराच्या बाबतीत तीच गाळली गेली होती.